सासूबाईंच्या शेताची जन्मतारीख

सोमवारी सकाळी साडेसहाला सासूबाई स्वयंपाकघराच्या दारात येऊन म्हणाल्या, "माझं शेत गेलं."

मी डब्याच्या पोळ्या करत होते. पोळी तव्यावर असताना मी कुणाच्या दुःखात सहभागी होत नाही, हे घरात सगळ्यांना माहीत आहे. "बसा, आले," म्हटलं. उरलेल्या चार पोळ्या केल्या, गॅस बंद केला, हात पुसले आणि त्यांचा फोन घेतला.

शेत फोनमधलं होतं. काही वर्षांपूर्वी उन्हाळ्याच्या सुट्टीत माझ्या मुलीने आजीच्या फोनवर शेतीचा एक गेम घालून दिला होता. पेरायचं, पाणी द्यायचं, पीक काढायचं, कोंबड्यांना दाणे टाकायचे. आमचा फ्लॅट सुरतेच्या डिंडोलीत, तिसऱ्या मजल्यावर. गॅलरीतली तुळस आणि कढीपत्ता सोडला तर माती दिसत नाही. सासरे खानदेशातून मागावर काम करायला सुरतेला आले, त्यांच्यामागून सासूबाई आल्या, आणि त्यानंतर त्यांच्या हाताला माती लागली ती कुंडीतलीच. गेममध्ये मात्र त्यांनी चौदा वावरं केली, विहीर खोदली, दोन गोठे बांधले. मला तो पोरखेळ वाटायचा. मी काही बोलले नाही, कारण त्या वेळात त्या मला भाजीत मीठ किती घालायचं ते सांगत नसत.

पण त्या शेताचं खरं काम वेगळं होतं. सासूबाईंची धाकटी बहीण, आमची मावशी, नंदुरबारजवळच्या गावी राहते. मुलीने त्याच सुट्टीत तिलाही हा गेम लावून दिला होता आणि पुढे दिवाळीच्या सुट्टीत दोघींना शेजारी केलं होतं. शेजाऱ्याच्या वावराला रोज एकदा पाणी देता येतं. दोन वर्षांपूर्वी मावशीला अर्धांगवायूचा झटका आला. उजवा हात गेला आणि बोलणं जड झालं. बाई मुळात फार बोलकी. आता शब्द तोंडातच अडकतात म्हणून फोनवर यायलाच तयार नव्हती. व्हिडिओवर तर नाहीच. आम्ही फोन केला की तिची सून (ती सासूबाईंना मावशी म्हणते) सांगायची, "बरं आहे, मावशी. जेवल्या. झोपल्यात." सासूबाईंचा त्यावर विश्वास नव्हता. त्या म्हणायच्या, "सून बरंच सांगणार. मी पण तुझ्या आईला बरंच सांगते."

त्यांचा विश्वास होता तो पाण्यावर. रोज सकाळी सहा ते सातच्या मध्ये मावशी डाव्या अंगठ्याने बहिणीच्या वावराला पाणी द्यायची. सासूबाईंच्या फोनवर निळा थेंब उमटायचा. थेंब दिसला की बहीण उठली, अंगठा चालतो, डोकं ठिकाणावर आहे. मग त्या दुसरा चहा घ्यायच्या. थेंब आला नाही तर चहा नाही.

त्या सोमवारी थेंब नव्हता, कारण शेतच नव्हतं. स्क्रीनवर एक उजाड तुकडा आणि गवताची टोपी घातलेली एक मुलगी हात हलवत उभी होती. ती म्हणत होती, या, आपण नांगर धरायला शिकूया.

"ही पोरगी मला नांगर शिकवते," सासूबाई म्हणाल्या. "हिच्याएवढी होते तेव्हा मी कमरेला ओटी बांधून कापूस वेचत होते. तोंड बंद कर तिचं आधी."

तिचं तोंड बंद करता येईना. मग मी सगळं नीट वाचलं. गेमवाल्यांनी आपला कारभार नव्या व्यवस्थेत हलवला होता. जुन्या खेळाडूंनी शनिवार संध्याकाळपर्यंत जुनं खातं नव्या खात्याला जोडून घ्यायचं, नाहीतर जुनं शेत कायमचं पुसलं जाणार. दोन बटणं होती. मोठं हिरवं "नवीन सुरुवात करा" आणि त्याखाली मुंगीएवढ्या अक्षरात "माझं जुनं खातं आहे". सासूबाईंनी हिरवं दाबलं होतं. चष्मा नसता तर मीही तेच दाबलं असतं.

मी व्यवहारी तोडगा सुचवला. "नवीन शेत करू. मावशीला परत जोडू."

"विसाव्या पायरीशिवाय शेजार मिळत नाही," त्या म्हणाल्या. "मला पाच महिने लागले होते. पाच महिने तिने पाणी कुठे टाकायचं?"

संध्याकाळी आल्यावर बघते म्हटलं आणि शाळेत गेले.

मी एका मराठी माध्यमाच्या शाळेत कारकून आहे. वीस वर्षं मी दाखल्यावरची आणि आधारवरची जन्मतारीख जुळवते आहे. जुळली नाही की पालकाला परत पाठवते. आमच्या शाळेत येणारी मुलं बहुतेक खानदेशातल्या घरांमधली. त्यांच्या आजी-आजोबांचे कागद पाहिले तर निम्मं गाव एक जूनला जन्मलेलं असतं. पूर्वी जन्मतारीख कुणी लिहून ठेवत नसे. पोर शाळेत आलं की गुरुजी त्याच्या उंचीकडे पाहून साल ठरवायचे आणि एक जून टाकायचे. सासूबाई चौथीपर्यंत शिकल्या. त्यांच्याही आधारवर एक जूनच आहे.

म्हणून संध्याकाळी मी फोन घेऊन बसले तेव्हा मला काहीच अवघड वाटत नव्हतं. टोपीवाल्या मुलीला बाहेर काढलं, छोटं बटण दाबलं, सासूबाईंचा मोबाइल नंबर टाकला, ओटीपी आला. माझा ईमेल दिला, तोही चालला. मग पुढचा प्रश्न: जुनं खातं उघडताना दिलेली जन्मतारीख टाका.

"आई, एक जूनच ना?"

"हां, एक जून," सासूबाई लगेच म्हणाल्या. नको इतक्या लगेच. मला तेव्हाच कळायला हवं होतं.

एक जून आणि आधारवरचं साल टाकलं. तारीख जुळत नाही. तीनपैकी दोन प्रयत्न शिल्लक. तिसऱ्यांदा चुकलात तर सात दिवस खातं बंद राहील.

सात दिवसांत शनिवार केव्हाच उलटून गेला असता. म्हणजे हातात दोनच तारखा होत्या.

माझे पती कडोदऱ्याला कपड्याच्या कारखान्यात सुपरवायझर आहेत. ते बूट काढता काढता म्हणाले, "खऱ्या शेताचा सातबारा याच्यापेक्षा लवकर निघतो." मी त्यांना कोथिंबीर निवडायला बसवलं.

मंगळवारी सकाळी मुलीला फोन लावला. ती बडोद्याला कॉलेजात आहे. सुरतेत वाढलेली मुलगी; तिच्या मराठीत गुजराती कुठून शिरते ते तिलाही कळत नाही.

"मम्मी, शांती राख ने. साल मी आधारवरून टाकलं होतं, पक्कं. तारीख आजीने सांगितली ती टाकली."

"काय सांगितली?"

"आठवत नथी गं. कुठला तरी सण होता. आजीलाच विचार ना."

फोन स्पीकरवर होता. सासूबाई शेंगा सोलत होत्या. मान वर न करता सोलतच राहिल्या.

"आई, काय सांगितलं होतं तुम्ही हिला?"

"एक जून."

"एक जून हा सण कधीपासून झाला?"

त्यांनी हातातली शेंग सोलून टाकली. मग म्हणाल्या, "आखाजी. मी आखाजीला झाले. आई सांगायची, झोके बांधायचे होते आणि तू आलीस."

आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया. खानदेशात लेकी त्या सणाला माहेरी येतात, झोके बांधतात, खापरावरची पुरणपोळी आणि आमरस होतो. लग्नानंतरची एवढी वर्षं मी या घरात काढली, दर आखाजीला त्यांच्या हाताखाली पुरण वाटलं, आणि तो त्यांचा वाढदिवस आहे हे मला माहीत नव्हतं. माझ्या नवऱ्यालाही नव्हतं.

"मग काल का नाही सांगितलं?"

"तूच म्हणतेस ना," त्या म्हणाल्या, आणि आता मात्र मान वर केली. "रेशन कार्ड असो, बँक असो, दवाखाना असो, सगळीकडे एकच तारीख द्यायची. दोन तारखा निघाल्या की माणूस अडकतो. दहा वेळा बजावलंस. मला वाटलं, फोनमध्ये दुसरी तारीख निघाली तर रेशन बंद करतील."

"गेमवाले रेशन नाही बंद करत, आई."

"मला काय माहीत. ओटीपी तर तसाच येतो."

त्यांचं चूक नव्हतं. मी शाळेच्या खिडकीतून पालकांवर जो आवाज काढते, तोच आवाज काढून मी त्यांना तारीख विचारली होती. त्या आवाजाला कागदावरचंच उत्तर मिळतं. मुलीने वेगळ्या आवाजात विचारलं असणार.

पण हळहळत बसायला वेळ नव्हता. त्यांच्या जन्मसालचं पंचांग इंटरनेटवर शोधलं. त्या वर्षी अक्षय्य तृतीया कोणत्या तारखेला होती ते दोन ठिकाणी पडताळलं आणि ती तारीख टाकली. बोट ठेवताना मला पूर्ण खात्री होती.

तारीख जुळत नाही. एक प्रयत्न शिल्लक.

शाळेत मी रोज सांगते, खात्री असल्याशिवाय लिहू नका, नंतर खोडता येत नाही. आणि मी स्वतः दोन अंदाज उडवून बसले होते. फोन सासूबाईंच्या हाती दिला आणि म्हटलं, "आता याला कुणीही हात लावायचा नाही. मीसुद्धा."

बुधवारी मधल्या सुट्टीत मी गेमच्या मदत केंद्राला लिहिलं. मला एकाच प्रकारचं पत्र लिहिता येतं, ते लिहिलं. विषय: जुन्या खात्याची जन्मतारीख कळविणेबाबत. महोदय, उपरोक्त विषयास अनुसरून सविनय कळविण्यात येते की. खाली खातेदाराचा मोबाइल नंबर, अडचणीचं स्वरूप, केलेले प्रयत्न दोन. दोन सेकंदात उत्तर आलं: "नमस्कार! मी तुमचा शेतमित्र! तुमच्या कोंबड्या अंडी देत नाहीत का?" मी पुन्हा लिहिलं. शेतमित्राने पुन्हा कोंबड्यांची चौकशी केली. माझ्या पत्राला इतक्या आनंदाने नकार आजवर कुणी दिला नव्हता.

सासूबाईंचा दुसरा चहा सोमवारपासून बंद होताच, गुरुवारी त्यांनी पहिलाही अर्धा ठेवला. सकाळी सहाला उठून त्या गॅलरीत बसायच्या, फोन मांडीवर उलटा. तिथल्या सुनेला फोन केला तर तेच, "बरं आहे, मावशी." सासूबाई मला म्हणाल्या, "मला गाडीत बसवून दे. जाऊन बघून येते." सकाळची गाडी दोन-तीन तासांत नंदुरबारला पोचवते, पण त्यांच्या गुडघ्यांना ते झेपत नाही. "शनिवारनंतर बघू," म्हटलं. म्हणजे शेत पुसलं गेल्यावर, हे त्यांनाही कळलं आणि मलाही.

शुक्रवारी सकाळी फोन वाजला. मावशीच्या सुनेचा. या वेळी "बरं आहे" म्हणाली नाही.

"ताई, तुमच्याकडे सगळं ठीक आहे ना? आमच्या आई काल दुपारपासून जेवत नाहीयेत. मावशींचं शेत वाळलं म्हणतात. वांगी काळी पडली, कोंबड्या मान टाकून बसल्यात. त्यांना वाटतंय मावशींना काही झालंय आणि आपण लपवतोय."

मी फोन कानावरून काढून सासूबाईंकडे पाहिलं. चार दिवस या इथे तिच्या थेंबाची वाट पाहत होत्या, आणि ती तिथे यांच्या वांग्यांकडे पाहत बसली होती. आम्हाला जुनं शेत दिसत नव्हतं, पण मावशीचं खातं तिच्या सुनेने रविवारीच व्यवस्थित हलवलं होतं. त्यामुळे तिला शेजारचं जुनं शेत शनिवारपर्यंत दिसणारच होतं. ती रोज पाणी देत होती. पण आत पीक काढायला कुणी नव्हतं, म्हणून ते उभ्या उभ्या वाळलं.

"स्पीकरवर टाक," मी सुनेला म्हटलं आणि मावशीला ऐकू जाईल अशा आवाजात सगळं सांगितलं. तुमच्या ताई ठणठणीत आहेत. शेताचं कुलूप उघडत नाहीये. जन्मतारीख विचारतात, ती जुळत नाही. एकच संधी उरली आहे.

पलीकडे काहीतरी खाली पडल्याचा आवाज आला. मग सून म्हणाली, "ताई, थांबा, आई व्हिडिओ लावा म्हणतात."

सासूबाई उठूनच उभ्या राहिल्या. दोन वर्षांत पहिल्यांदा बहीण व्हिडिओवर येत होती.

व्हिडिओ लागला. मावशी खाटेवर उशीला टेकून बसली होती. तोंड एका बाजूला थोडं ओढलेलं, केस विंचरलेले. सासूबाईंनी फोन जवळ घेतला आणि त्या म्हणाल्या, "बारीक झालीस." मावशीने डावा हात हलवून ते उडवून लावलं आणि आपला फोन कॅमेऱ्यासमोर आडवा धरला. त्यावर सासूबाईंचं शेत होतं, वाळलेलं. अंगठ्याने तिने घरावरचं एक चित्र दाबलं. केकचं चित्र. नेम तीनदा चुकला, चौथ्यांदा लागला. चौकट उघडली: शेजारणीचा वाढदिवस, ३ मे. केक पाठवायला विसरू नका!

"दरवर्षी पाठवते ही," सासूबाई म्हणाल्या. "केकावर गाजर असतं. मला वाटायचं, सगळ्यांना येतो."

मी तारीख कागदावर लिहून घेतली. तरी बोट पुढे जाईना. तीन मे ही त्यांच्या जन्मसालची आखाजी नव्हती, मी पंचांग पाहिलं होतं. दोनदा खात्रीने चुकल्यावर तिसऱ्यांदा मला कारण हवं होतं. मुलीला लावला फोन. ती वर्गात शिरत होती.

"तीन मे का टाकलीस?"

"तीन मे? अरे हां! आपण आखाजीला जेवून उठलो होतो ना, रस खाऊन. तेव्हाच तर गेम टाकला. मी विचारलं, आजी, तुझा बर्थडे कधी. आजी म्हणाली, आज. मग मी आजची तारीख टाकली."

एवढंच होतं. साल कागदावरचं आणि तारीख त्या दिवशीच्या कॅलेंडरवरची. गुरुजींनी उंची पाहून एक जून दिला, नातीने ताट उचलता उचलता तीन मे दिला. पण नातीने निदान विचारलं होतं.

"आई, तुम्ही दाबा," मी म्हटलं.

"मी? हिरवं दाबून मीच तर घालवलं."

"म्हणूनच. दाबा."

तीन, मे, आधारवरचं साल. त्यांनी चष्मा पुसला, मावशीकडे पाहिलं, आणि दाबलं. एक चक्र फिरत राहिलं. ते कितीही वेळ फिरू शकतं हे मला शाळेतल्या कॉम्प्युटरमुळे माहीत आहे, तरी मी फोनवर वाकले. मग चौदा वावरं, विहीर आणि दोन गोठे दिसले. सगळं पीक जळालेलं, कोंबड्या मान टाकलेल्या. मी इतकं वाळलेलं शेत इतक्या आनंदाने कधी पाहिलं नव्हतं.

सासूबाई शेत पाहून म्हणाल्या, "अगं बाई, काय अवकळा." आणि लगेच कामाला लागल्या. पलीकडून सून सांगत होती, आई ताट मागतायत. मी चहा टाकला, पूर्ण कप. पोळ्यांना उशीर झाला आणि त्या दिवशी पतींनी कँटीनमध्ये खमण खाल्लं.

मी शाळेत नियम बदललेला नाही. कागदावर जी तारीख आहे तीच लिहायची, आणि सगळीकडे एकच. पण आता खिडकीशी कुणी आजीबाई नातवाला घेऊन आल्या आणि त्यांच्या आधारवर एक जून दिसला, की मी कागद बाजूला ठेवून विचारते, खरी कधीची? कुणी सांगतं बैलपोळ्याची, कुणी म्हणतं आमच्याकडे ज्वारी खुडत होते. ते कुठेही लिहून ठेवायचं नसतं. रांगेतल्या मागच्या माणसाला अर्धा मिनिट जास्त उभं राहावं लागतं, तेवढंच.

आमच्या भिंतीवरच्या कॅलेंडरवर पुढच्या आखाजीभोवती सासूबाईंच्या मुलाने लाल गोल काढला आहे. मुलीचं म्हणणं, केक मागवायचा, गाजराचा. मावशीला इथे आणता येईल का ते तिचे डॉक्टर सांगणार आहेत. नाही म्हणाले तर आम्ही तिकडे जाऊ. गुडघ्यांसाठी गाडी सांगून ठेवली आहे.

शनिवारी सकाळी सहा वाजून वीस मिनिटांनी सासूबाईंच्या फोनवर निळा थेंब आला. त्यांनी दुसरा चहा मागितला. मी कप ठेवतेच आहे तोवर फोनही वाजला. मावशीचा स्वतःचा नंबर, दोन वर्षांत पहिल्यांदाच. सासूबाईंनी घाईघाईत स्पीकर लावला. पलीकडून जड, ओढलेला, पण रागावलेला आवाज आला. एकेक शब्द सुटा करून, अहिराणीत:

"टमाटा... कसाले... लावात?"

सासूबाईंनी वांग्यांच्या जागी टोमॅटो लावले होते. बहिणीला ते पसंत नव्हतं.

"माझं शेत आहे, मी काहीही लावीन," सासूबाई म्हणाल्या, आणि दोघी भांडायला लागल्या. एका वाक्याला तिकडून बराच वेळ लागत होता. इकडून सासूबाई थांबत होत्या. मी पोळ्या लाटायला घेतल्या.